थोरोचं चरित्र एका मोजणीवाल्याने वाचलं : लॉरा डॅसो वॉल्स यांचं ‘हेन्री डेव्हिड थोरो: अ लाइफ’

आधीच सांगून टाकतो, पुस्तक घ्या. इंग्रजी वाचायची थोडीफार सवय असेल आणि थोरो या एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन लेखकाचं नाव गांधीजींमुळे म्हणा किंवा त्याच्या ‘वॉल्डन’ या पुस्तकाचा दुर्गाबाई भागवतांनी जो ‘वॉल्डनकाठी विचारविहार’ हा अनुवाद केला त्यामुळे म्हणा कधीतरी कानावरून गेलं असेल तर घ्याच. सहाशेच्या वर पानं आहेत पण घाबरू नका, शेवटी टिपा आणि सूचीचीच बरीच पानं आहेत, गोष्ट त्याच्या खूप आधी संपते. मला चार महिने लागले, रोज रात्री जेवणं उरकली की दहाबारा पानं, आणि साइटवर मुक्काम असला की तेवढीही नाहीत.

मी साहित्यातला माणूस नाही. जमीन मोजणी हे आमच्या घरचं काम, वडील खात्यात होते, मी खासगी करतो, रोव्हर आणि टोटल स्टेशन ही मोजणीची यंत्रं घेऊन फिरतो. कॉलेजात असताना दुर्गाबाईंचा तो अनुवाद हाती आला होता आणि त्यातून डोक्यात एक चित्र बसलं होतं की तळ्याकाठी झोपडी, आत एकटा माणूस, जगाला रामराम ठोकून बसलेला. पुढची वीस वर्षं माझा थोरो तोच होता. वॉल्स बाईंनी ते चित्र पार मोडून काढलं आणि त्या जागी जो माणूस उभा केला तो मला कितीतरी जवळचा वाटला, म्हणून एवढं सविस्तर लिहितोय.

लॉरा डॅसो वॉल्स म्हणजे अमेरिकेतल्या नोत्र दाम विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकवलेल्या अभ्यासक. त्यांची खासियत अशी की त्या साहित्याकडे विज्ञानाच्या बाजूने येतात. १९९५ मध्ये त्यांचं पहिलं पुस्तक आलं ते थोरो आणि एकोणिसाव्या शतकातलं विज्ञान यावर, मग थोरोचा मित्र आणि विचारवंत लेखक एमर्सन आणि विज्ञान, मग २००९ मध्ये जर्मन निसर्गशास्त्रज्ञ हम्बोल्टवर एक जाडजूड ग्रंथ, आणि मग २०१७ मध्ये, थोरोच्या जन्माला २०० वर्षं झाली तेव्हा, शिकागो युनिव्हर्सिटी प्रेसकडून हे चरित्र. प्रस्तावनेत त्या म्हणतात की मला जो थोरो हवा होता तो कुठल्याच पुस्तकात सापडला नाही म्हणून हे लिहिलं. वाचून संपवल्यावर मला ते वाक्य पटलं, कारण इतकी वर्षं एकाच माणसाबद्दल विचार केलेला असला की लिहिण्यात एक वेगळीच सहजता येते, माहिती कोंबल्यासारखी वाटत नाही.

थोरो ज्या विचारांच्या चळवळीतला, त्या ट्रान्सेंडेंटलिझमचा शब्द ऐकला की आपल्याकडे लोक लगेच अध्यात्माकडे जातात. मराठीत त्याला अतींद्रियवाद म्हणतात आणि तिथेच गल्लत होते असं मला आता वाटायला लागलंय. मुळातली गोष्ट अशी की १८३० च्या दशकात बोस्टनच्या आसपासच्या काही तरुण पाद्र्यांना आणि शिक्षकांना चर्चमधला कोरडेपणा नकोसा झाला, सगळं ज्ञान बाहेरूनच इंद्रियांवाटे येतं हे इंग्रज तत्त्वज्ञ लॉकचं म्हणणं त्यांना पुरेना, जर्मनीतून तत्त्वज्ञ कांटचे विचार येत होते, आणि माणसाच्या मनात स्वतःचा असा काही उजेड असतो, त्याला मधल्या दलालाची गरज नाही, हे त्यांना ठामपणे म्हणायचं होतं. १८३६ मध्ये एमर्सनचं ‘नेचर’ आलं, त्याच वर्षी त्यांचा क्लब सुरू झाला, १८४० मध्ये ‘द डायल’ नावाचं त्रैमासिक निघालं ज्याची पहिली संपादक मार्गारेट फुलर. हे सगळं वॉल्स सांगतात पण त्यावर फार रेंगाळत नाहीत. त्यांना दाखवायचं आहे ते असं की या मंडळींमधला सगळ्यात हट्टी माणूस, म्हणजे थोरो, त्याने हा उजेड इंद्रियं मिटून शोधला नाही. डोळे, कान, पाय, टेप आणि साखळी घेऊन शोधला.

आता माझ्या धंद्यातलं. थोरो सर्व्हेअर होता हे मला माहीत होतं पण किती होता हे माहीत नव्हतं. त्याने दीडशेच्या वर मोजण्या केल्या, त्याचे कागद आजही त्याच्या गावच्या, कॉन्कर्डच्या सार्वजनिक लायब्ररीत जपून ठेवलेत. वॉल्स या कामाला पोटापाण्याचं साइड काम म्हणून बाजूला टाकत नाहीत, उलट त्याच्या विचाराचा कणाच तिथे आहे असं दाखवतात. १८४६ च्या सुरुवातीला, तळं गोठलेलं असताना, हा माणूस बर्फाला भोकं पाडून वॉल्डन तळ्याची खोली मोजत होता. गावात म्हणायचे की या तळ्याला तळच नाही. प्रत्येक गावात असं एक तळं किंवा एक विहीर असते आणि सात बाजा सोडल्या तरी तळ लागत नाही असं सांगणारा एक म्हातारा असतो. थोरोने काय केलं, तर मासे धरायच्या दोरीला दीडएक पौंडाचा दगड बांधला, शंभराच्या वर ठिकाणी सोडला, होकायंत्र आणि साखळीने जागा पक्क्या केल्या आणि नकाशा काढला. सगळ्यात खोल जागा १०२ फूट. आजच्या मोजणीतही आकडा जवळपास तोच येतो. दगड तळाला टेकल्यावर वर ओढताना हाताला जोर कमी-जास्त कधी लागतो त्यावरून तळ कुठे सुटला हे त्याला कळायचं. हे वाचताना मी पुस्तक खाली ठेवून थोडा वेळ नुसता बसलो, कारण हाताला लागणारी ती जाणीव ज्याने काम केलंय त्यालाच माहीत असते.

पण खरी गंमत पुढे आहे. नकाशावर पट्टी ठेवल्यावर त्याच्या लक्षात आलं की तळ्याची सगळ्यात लांब रेघ आणि सगळ्यात रुंद रेघ जिथे एकमेकींना छेदतात नेमका तिथेच तळ सगळ्यात खोल आहे. आणि मग तो म्हणतो की तळ्याबाबत जे खरं ते माणसाच्या स्वभावाबाबतही खरं असेल, त्याच्या रोजच्या वागण्याच्या लांबी-रुंदीच्या रेघा काढा, जिथे छेदतात तिथे त्याची खोली. ही उडी म्हणजे ट्रान्सेंडेंटलिझम. आधी दोरीने मोजा, मग त्या आकड्यातून वर बघा. मी इतकी वर्षं हे वाक्य कवीची कल्पना म्हणून वाचत होतो, या बाईंमुळे पहिल्यांदा कळलं की हा माणूस खरोखर ओल्या दोरीने आणि गारठलेल्या बोटांनी तिथपर्यंत पोचलाय.

त्याच धंद्याची काळी बाजूही त्या लपवत नाहीत आणि हा भाग मला सगळ्यात जास्त लागला. मोजणीवाल्याला लोक कशाला बोलावतात? वाटणी करायला, विकायला, तोडायला. थोरो ज्या जंगलात रोज दुपारी फिरायचा त्याचेच तुकडे तो हद्दी टाकून मोजून द्यायचा आणि पुढे काही दिवसांत तिथे कुऱ्हाडी चालायच्या. १८५१ च्या सप्टेंबरात त्याने आजूबाजूच्या गावांच्या पंचांबरोबर कॉन्कर्डची शिव चालून पक्की केली आणि त्यानंतर डायरीत लिहिलं की मळल्यासारखं वाटतंय, क्षुद्र झाल्यासारखं वाटतंय. मीही गेल्या पंधरा वर्षांत आंब्याच्या बागा मोजून प्लॉट पाडून दिलेत. खांब रोवून परत येताना गाडीत कुणीच काही बोलत नाही असे दिवस मी पाहिलेत. दीडशे वर्षांपूर्वीच्या माणसाने ते लिहून ठेवलंय आणि एका अभ्यासक बाईने त्यातलं नेमकं दुखणं ओळखलंय, यापेक्षा जास्त मी पुस्तकाकडून काय मागणार.

आता तो एकांताचा मुद्दा. वॉल्डनला तो ४ जुलै १८४५ ला राहायला गेला आणि ६ सप्टेंबर १८४७ ला परत आला. घर १० फूट बाय १५ फूट, खर्च २८ डॉलर साडेबारा सेंट, जमीन एमर्सनची, फळ्या एका आयरिश रेल्वे मजुराच्या खोपटातून विकत घेतलेल्या. गाव दीड मैलावर, तळ्याच्या कडेने नवीकोरी रेल्वेलाइन गेलेली. वॉल्स म्हणतात की हे लपून बसणं नव्हतंच, येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांना दिसेल असं जगून दाखवणं होतं. १८४६ च्या जुलैत कर भरला नाही म्हणून एक रात्र तुरुंगात काढली, कारण मेक्सिकोवरचं युद्ध आणि गुलामगिरी चालवणाऱ्या सरकारला पैसे द्यायचे नव्हते, आणि लगेच पुढच्या आठवड्यात १ ऑगस्टला गुलामगिरीविरोधी बायकांच्या मंडळाचा मेळावा त्याच्याच झोपडीच्या दारात भरला. हे मला अजिबात माहीत नव्हतं! जगाला रामराम ठोकलेल्या माणसाच्या अंगणात असे मेळावे भरत नाहीत.

आणि त्या बायका म्हणजे कोण, तर त्याची आई सिंथिया, बहिणी, मावश्या-आत्या. चरित्रातला हा भाग फार सुरेख उतरलाय. पुरुष मंडळी अजून निबंध लिहीत होती तेव्हा घरातल्या बायका वर्गणी गोळा करत होत्या, पळून आलेल्या गुलामांना रात्री आसरा देऊन पुढे कॅनडाकडे धाडत होत्या. आईने धुतलेले कपडे घालायचा आणि रविवारी घरी जेवायला जायचा म्हणून थोरोला ढोंगी म्हणायची एक पद्धतच पडली आहे, २०१५ मध्ये एका मोठ्या अमेरिकन साप्ताहिकात त्याच्यावर असाच खरमरीत लेखही आला होता. वॉल्स यावर म्हणतात की आपल्या माणसांबरोबर जेवला आणि स्वतःचे कपडे स्वतः धुतले नाहीत म्हणून इतकं बोलून घेतलेला दुसरा पुरुष लेखक अमेरिकेत नाही. अगदी बरोबर बोलल्यात. आपल्याकडेही आईच्या हातचं जेवून क्रांती करणारे काय कमी झालेत का, आणि त्यात वाईट काय आहे?

भावाच्या मृत्यूचं प्रकरण वाचताना मात्र जपून, मी ते रात्री वाचलं आणि झोप उडाली. मोठा भाऊ जॉन, दोघांनी मिळून शाळा चालवलेली, छडी न मारता शिकवायची शाळा, कारण आधीच्या शाळेत मुलांना मारायला सांगितलं म्हणून हेन्रीने नोकरी सोडली होती. १८३९ मध्ये दोघांनी स्वतः बांधलेल्या होडीतून नदीचा प्रवास केला. आणि १८४२ च्या पहिल्याच दिवशी वस्तऱ्याला धार लावताना जॉनचं बोट कापलं, एवढुसं, आणि दहा दिवसांत धनुर्वाताने तो गेला. शेवटपर्यंत हेन्री जवळ होता. त्यानंतर काही दिवसांनी त्याच्या स्वतःच्या अंगात धनुर्वाताची तीच लक्षणं दिसायला लागली, जखम कुठेच नसताना. घरच्यांनी आशाच सोडली. तो बरा होतोय तोवर २७ जानेवारीला एमर्सनचा पाच वर्षांचा मुलगा तापाने गेला. एका महिन्यात दोन घरं. पुढे वॉल्डनला बसून त्याने लिहिलं ते मुख्यतः त्या होडीच्या प्रवासाचंच पुस्तक होतं, भावासाठीचं. ते १८४९ मध्ये छापलं, १००० प्रती, आणि १८५३ मध्ये प्रकाशकाने न खपलेल्या ७०६ प्रती घरी पाठवून दिल्या. त्याने त्या पाठीवर घेऊन दोन जिने चढवल्या आणि त्याच रात्री नेहमीसारखा लिहायला बसला. वॉल्स इथे कुठलंही भाष्य करत नाहीत, नुसतं सांगतात, आणि ते बरं केलं.

पेन्सिलीच्या कारखान्याचा भाग झकास. वडिलांचा धंदा होता, हेन्रीने ग्राफाइटमध्ये माती मिसळायची आणि ते बारीक दळायची पद्धत सुधारली आणि थोरोंच्या पेन्सिली देशातल्या उत्तम पेन्सिली ठरल्या. शिसपेन्सिलीचं टोक कडक हवं की मऊ हे नकाशा काढणाऱ्याला विचारा, त्यावर सगळं काम अवलंबून असतं.

शेवटच्या दहा वर्षांचा भाग बऱ्याच लोकांना कंटाळवाणा वाटू शकेल कारण त्यात घटना कमी आणि नोंदी जास्त आहेत. कुठलं फूल कुठल्या तारखेला उमललं, नदीचं पाणी कुठल्या पुलाला किती चढलं, जंगल तोडल्यावर पाइनच्या जागी ओक का उगवतो. १८५९ च्या उन्हाळ्यात त्याने कॉन्कर्ड नदी मैलोगणती मोजली, कारण खाली बिलेरिकाच्या बंधाऱ्यामुळे शेतकऱ्यांची गवताची कुरणं बुडत होती आणि त्यावरून कोर्टकचेरी चालली होती. १८६० च्या सुरुवातीला डार्विनचं नवीन पुस्तक त्याच्या हाती पडलं आणि तो ते अधाशासारखं वाचून टिपणं काढत बसला. त्याच वर्षी शेतकऱ्यांच्या मेळाव्यात जंगलं एकामागून एक कशी बदलतात यावर भाषण केलं. त्याच्या त्या फुलांच्या तारखा आज बोस्टनचे शास्त्रज्ञ हवामान किती बदललं हे बघायला वापरतात. मला हा भाग सगळ्यात आवडला. वॉल्स यांनी इथे कमाल केली आहे, कारण आधीचे लोक म्हणायचे की थोरो शेवटी शेवटी कवीचा कारकून झाला, नुसते आकडे लिहायला लागला, आणि या बाई दाखवतात की तो तेव्हाच सगळ्यात मोठं काहीतरी बघत होता, पूर्ण करायला आयुष्य पुरलं नाही इतकंच. ३ डिसेंबर १८६० ला थंडीत झाडांच्या खोडांची वर्तुळं मोजताना सर्दी झाली, छातीत उतरली, घराण्यात क्षय होताच, आणि ६ मे १८६२ ला तो गेला. वय ४४.

आता तक्रारी. एक म्हणजे आपल्याकडच्या वाचकाला जे हवं असतं ते थोडक्यात उरकलंय. वॉल्डनला तो सकाळी भगवद्गीता वाचायचा, विल्किन्सचा १७८५ चा इंग्रजी अनुवाद. तळ्यावरचा बर्फ कापून जहाजाने परदेशी पाठवला जायचा आणि त्यावर त्याने लिहिलंय की मद्रास, बॉम्बे, कलकत्त्याचे उकाड्याने हैराण झालेले लोक माझ्या विहिरीचं पाणी पितात आणि वॉल्डनचं पाणी गंगेच्या पाण्यात मिसळतं. १८५५ मध्ये एका इंग्रज मित्राने त्याला भारतीय ग्रंथांची ४४ पुस्तकं पेटीत भरून पाठवली होती. हे सगळं पुस्तकात येतं, पण ते वाचून त्याच्या मनात नक्की काय हललं यात अजून खोल जायला हवं होतं असं मला वाटलं. गांधीजींचं नाव तर आपण सगळीकडे जोडतो, १९०७ मध्ये त्यांनी आपल्या ‘इंडियन ओपिनियन’ या साप्ताहिकातून थोरोचे विचार छापले हे खरं, पण सत्याग्रहाची कल्पना थोरोवरून घेतली नाही हेही त्यांनीच १९३५ च्या एका पत्रात लिहून ठेवलंय, तेव्हा त्या बाबतीत बाईंनी उगाच ढोल वाजवला नाही ते योग्यच.

दुसरं, वॉल्स यांचं त्याच्यावर प्रेम आहे आणि ते कधीकधी आड येतं. शेजारच्या गरीब आयरिश कुटुंबाला त्याने ‘वॉल्डन’मध्ये जे उपदेश केलेत, चहा-लोणी सोडा म्हणजे एवढं राबायला लागणार नाही वगैरे, ते मला तेव्हाही टोचले होते आणि आजही टोचतात. बाई सांगतात की पुढे तो आयरिश लोकांबद्दल खूप बदलला, त्यांच्यासाठी पत्रं लिहिली, पैसे गोळा केले. मान्य. पण ते पान तसंच राहतं ना. १८४४ मध्ये त्याच्या हातून मासे शिजवताना आग लागून ३०० एकर जंगल जळालं त्याचं वर्णन मात्र त्यांनी काही न झाकता केलंय. तिसरं, एमर्सन या पुस्तकात थोडा थंड, थोडा दूरचा वाटतो, त्याला नीट समजून घ्यायचं तर रॉबर्ट रिचर्डसन यांनी लिहिलेलं त्याचं चरित्र वेगळं वाचावं लागेल.

प्रतीबद्दल : मी पेपरबॅक ऑनलाइन मागवली, पहिली प्रत कोपरा चेपून आणि पाठीचा कणा उसवून आली, बदलून मागितली तर तीन आठवडे नुसतं ‘प्रक्रियेत आहे’. दुसरी चांगली आली. जाड पुस्तक आहे, पॅकिंग नीट आहे का ते विक्रेत्याला आधी विचारा. भाषा सोपी आहे, अभ्यासकांची जड इंग्रजी नाही, झाडा-पक्ष्यांची नावं मात्र मोबाइलवर शोधत बसावी लागतात.

सध्या माझी प्रत वडिलांकडे आहे. ते इंग्रजी सावकाश वाचतात आणि मी त्यांना तळ्याच्या मोजणीचं पान काढून दिलंय. परवा मला हाक मारून विचारलं, हा सगळीकडे रॉड रॉड लिहितो, रॉड म्हणजे किती रे? म्हटलं साडेसोळा फूट. त्यांनी खात्यात पहिली काही वर्षं शंकूसाखळीने कामं केली आहेत, ३३ फुटांची साखळी, तिचे १६ आणे. चष्मा वर करून क्षणभर हिशेब केला आणि म्हणाले, म्हणजे आठ आणे. आणि परत वाचायला लागले.